थुंकलेली वाइन

माझ्या दुकानासमोर उभं राहून माणसं भांडतात. कशावरून, तर आज कुठे प्यायचं यावरून. उन्हाळाभर हेच चालू. नवरा म्हणतो, सूर्यास्ताच्या वेळची वाइन-चाखणी घेऊ. बायको म्हणते, छे, ‘आजीच्या स्वयंपाकघरात जेवण’ घेऊ. तिसरी एक सहल असते, तिचं नाव ‘कोळ्यासोबत न्याहारी’. ती आजी मुळात दूरच्या पार्मा शहराची, गावात भाड्याने राहते आणि तिला एकही नातवंड नाही. कोळी म्हणून जो पुढे करतात तो जन्मभर स्कूटर दुरुस्त करत होता, होडीत बसला की त्याला मळमळतं. मी भट्टीतून फोकाचा, आमचा तेल लावलेला चपटा पाव, काढत हे सगळं ऐकत असते आणि मला शिसारी येते. घास-दोन घास खाऊन उरलेला पाव बंदराच्या कट्ट्यावर ठेवून ही मंडळी पुढच्या चाखणीला जातात. मग सीगल पक्षी त्यावर तुटून पडतात आणि मी झाडू घेऊन जाते.

माझी बहीण म्हणते, जेम्मा, त्यांनाच पाव विकून पोट भरतेस, तुला नाक मुरडायचा काय हक्क? हक्क नसेल. नाक माझं आहे.

पण मला सांगायचंय ते अमेलिओबद्दल.

अमेलिओचं वाइनचं तळघर माझ्या दुकानाच्या वरच्या अंगाला, त्याच गल्लीत. बुटका, काटक, गुडघ्यातून वाकलेला माणूस. त्याचे द्राक्षमळे गावाच्या डोक्यावर, समुद्रावर ओणवलेल्या दगडी बांधांच्या पायऱ्यांवर. तिथे बैल चढत नाही, यंत्र चढत नाही. माणूस चढतो, पाठीवर टोपली घेऊन. हिवाळ्यात पावसाने बांध ढासळला की अमेलिओ दगडावर दगड रचत बसायचा, चुना नाही, सिमेंट नाही. त्याची बायको इनेस होती तोवर ती दगड हातात द्यायची आणि शिव्याही द्यायची. ती गेल्यावर तो स्वतःच दोन्ही करायला लागला.

त्याची खरी कमाई म्हणजे आमच्याकडची गोड वाइन, शाकेत्रा. द्राक्षं तोडायची, सावलीत जाळ्यांवर सुकत घालायची, सुरकुतून मनुकांसारखी झाली की हाताने एकेक मणी वेगळा करून चुरायची. टोपल्याच्या टोपल्या द्राक्षं जातात तेव्हा कुठे एक लहानसं पिंप भरतं. ही वाइन जेवताना कुणी पीत नाही. ती बाळंतिणीला देतात, लग्नात देतात, आणि ज्याचं आता काही खरं नाही अशा माणसाच्या ओठांना लावतात. इनेसच्या ओठांना अमेलिओने ती लावली तेव्हा मी खोलीत होते. ती म्हणाली, “गेल्या वर्षीची बरी होती.” इनेस तशीच होती.

रोज सकाळी अमेलिओ माझ्याकडे यायचा, फोकाच्याचा तुकडा घ्यायचा, उभ्यानेच चावायचा आणि काहीतरी खोडी काढायचा.

“जेम्मा, हे तेल कुठल्या दिव्यातलं ओतलंस?”

“तुझ्या थडग्यावर लावायचा होता त्यातलं.”

“मग वात विसरलीस. एवढी काटकसर बरी नव्हे.”

असं वर्षानुवर्षं. मग ती मोठी साथ आली. अमेलिओ तापाने फणफणला, महिनाभर घरात पडून राहिला, उठला. पुन्हा यायला लागला. फोकाचा घ्यायचा, चावायचा, पैसे ठेवायचा आणि जायचा. खोडी नाही. मला वाटलं, अशक्तपणा असेल. एकदा माझा तेलाचा एक डबा खवट निघाला. मला सर्दी होती, लक्षात आलं नाही. सगळ्या गल्लीने पाव परत आणून माझ्या तोंडावर मारला. एकटा अमेलिओ शांतपणे पूर्ण तुकडा खाऊन हात झटकत होता.

“आज कसा झालाय?” मी विचारलं.

“नेहमीसारखा.”

मी काउंटरच्या बाहेर आले. “अमेलिओ, तुला वास येत नाही.”

त्याने इकडेतिकडे पाहिलं. दुकानात कोणी नव्हतं. “कॉफीचा येत नाही, शेणाचा येत नाही, समुद्राचा येत नाही,” तो म्हणाला. “गोड कळतं, खारट कळतं. बाकी तोंडात कापूस. माझ्या नोरीनाला सांगशील तर बघ.”

“आणि वाइन?”

“वाइन हाताला आठवते,” तो म्हणाला आणि गेला.

आठवत होतीच. त्यानंतरची दोन वर्षं मी त्याची वाइन प्यायले, काहीही कमी नव्हतं. पण त्याला ते ठाऊक नव्हतं. दुसऱ्याच्या चेहऱ्याकडे बघून स्वतःच्या वाइनची परीक्षा करायची वेळ त्याच्यावर आली होती, आणि हे मला एकटीलाच माहीत होतं.

नोरीना त्याची मुलगी. स्पेत्सिया शहरातल्या एका इस्पितळात धुणीघरात कामाला. दिवसभर वाफेत उभी, पाय सुजलेले, नवरा सोडून गेलेला. ती दर रविवारी यायची आणि संध्याकाळच्या गाडीने परत जाताना स्टेशनवर बाप-लेक दोघेही असा चेहरा करून उभे राहायचे की मला दुकानातून बघवत नसे.

यंदा वसंतात मिलानच्या एका सहल कंपनीने कळवलं की आमच्या गावातलं एक तळघर ते निवडणार. एकच. रोज पाहुणे तिथे आणणार, वाइन चाखवणार, बाटल्या तिथूनच घेणार. ऐकल्याबरोबर नोरीना रविवारी बापाला म्हणाली, “बाबा, आपलं तळघर निवडलं ना, तर मी नोकरी सोडून घरी येते. पाहुण्यांचं मी बघेन, तुम्ही वेली सांभाळा.”

“आणि नाही निवडलं तर?”

“तर वेली कुणासाठी सांभाळायच्या, ते तुम्हीच सांगा.”

मला अमेलिओ कायम माणूसघाणा वाटत आला. पाहुण्यांचा घोळका दिसला की तो गल्ली बदलायचा. पण त्या रविवारनंतर तो तळघराला चुना लावायला लागला. पिंपं घासली, कोळिष्टकं काढली, माझ्याकडून दोन खुर्च्या नेल्या. “कुल्ले टेकायला त्यांना गादी लागते म्हणे,” तो म्हणाला. चिडलेला होता आणि खूशही. मुलगी घरी येणार, यापुढे त्याला दुसरं काही दिसत नव्हतं.

इथे एक गोष्ट सांगायला हवी, नाहीतर पुढचं कुणाला पटणार नाही. पूर्वी आमच्याकडे वाइनचे व्यापारी होडीने यायचे. तळघराच्या दारात उभं राहून घोट घ्यायचे. गिळला, तर सौदा. जमिनीवर थुंकला, तर वाइन नासली. त्यावर वाद नाही, एक शब्द नाही. आणि ज्याची वाइन थुंकली गेली त्याने ती त्याच दिवशी स्वतःच्या हाताने गल्लीत सोडून द्यायची, सगळ्यांच्या देखत. नासकी वाइन झाकून ठेवणाऱ्याकडून पुढे कुणी व्हिनेगरही घेत नसे. अमेलिओच्या बापाने एकदा तशी सोडली होती. लहानगा अमेलिओ तेव्हा दारात उभा होता. ही हकिगत तो अभिमानाने सांगायचा. म्हणायचा, त्या दिवसापासून आमच्या घराच्या वाइनवर कुणी संशय घेतला नाही.

कंपनीची बाई आली, तिचं नाव लुदोविका. पांढरी विजार, पांढरे बूट, आमच्या गल्लीत पांढरे बूट. खांद्याला पिशवी, पिशवीत चकचकीत स्टीलची लहानशी बादली. मी अमेलिओकडे गरम फोकाचा पोचवला, तिला नमस्कार केला आणि भट्टी तापलेली म्हणून लगेच खाली आले. ती बादली मी पाहिली. मला वाटलं, बर्फाची असेल.

पुढचं मला अमेलिओने सांगितलं ते असं. बाईने ग्लास उजेडात धरला, गरागरा फिरवला, नाक आत घातलं, घोट घेतला, गुळणी केल्यासारखा तोंडात खेळवला आणि बादलीत थुंकली. ओठ टिपले. फोनवर काहीतरी लिहिलं. “फारच छान, सिन्योर अमेलिओ. उद्या कळवते,” म्हणाली आणि गेली.

आता हे चाखणारे लोक थुंकतातच. दिवसभरात इतक्या ठिकाणी चाखायचं असतं की गिळलं तर गटारात पडतील. हे मला ठाऊक आहे, कारण माझ्या भाच्याच्या हॉटेलात मी पाहिलंय. अमेलिओ जन्मात कुठल्या चाखणीला गेला नव्हता. त्याची वाइन गावात जायची, पाद्र्याकडे जायची, लग्नघरात जायची. त्याची वाइन थुंकलेली ती पहिलीच. तीही स्वतःची बादली घेऊन आलेली, म्हणजे आधीच ठरवून आलेली, असं त्याला वाटलं. आणि ‘छान’ हे शहरातल्या माणसाचं बोलणं, त्याला कोण धरून बसतो?

तरी त्याने एक शहाणपणा केला. पेलाभर वाइन घेऊन तो शेजारच्या तळघरात गेला, तुलिओकडे.

तुलिओ आमच्यातलाच. अमेलिओच्या अंगाखांद्यावर वाढलेला, त्याला काका म्हणणारा. जेनोव्हाला जाऊन वाइन चाखायचं रीतसर शिक्षण घेऊन आलेला, प्रमाणपत्र काचेत लावून दारात टांगलेला. लुदोविका अमेलिओच्या आधी त्याच्याकडेच गेली होती आणि तिथेही थुंकली होती. तुलिओला त्याचा अर्थ पुरता ठाऊक होता.

“जरा चाख,” अमेलिओ म्हणाला. “ती थुंकली.”

तुलिओने घोट घेतला. अमेलिओच्या चेहऱ्याकडे पाहिलं. आणि उंबऱ्याबाहेर, फरशीवर, थुंकला.

तोंडाने तो काही बोलला नाही.

मी पुढच्या खेपेचं पीठ थापत होते. दारातून गोड वास आला, जर्दाळूचा, मधाचा. बाहेर पाहिलं तर गल्लीच्या मधल्या पन्हळीतून मधाच्या रंगाचा ओघळ खाली येत होता. माझ्या उंबऱ्यापाशी वळला आणि बंदराकडे निघाला. मी पिठाच्या हातांनी वर धावले. अमेलिओ तोटीपाशी उभा होता, टोपी काढून. त्याच्या एकुलत्या एका भरलेल्या पिंपातून शेवटची धार पडत होती.

“अरे काय केलंस हे?”

“नासली होती. बाई थुंकली.”

“अरे मेल्या, ते लोक थुंकतातच! तो त्यांचा धंदा आहे!”

“तुलिओही थुंकला,” तो शांतपणे म्हणाला.

मी तोटीखाली ओंजळ धरली. पिठाच्या हातांनी, जसे होते तसे. प्यायले. इतकी सुंदर वाइन मी त्याच्या घरात कधी प्यायले नव्हते. इनेससुद्धा गप्प बसली असती.

“अमेलिओ, ही चांगली आहे. ही उत्तम आहे. मला का नाही बोलावलंस?”

“तू दयेपोटी चांगली म्हणाली असतीस,” तो म्हणाला. “आताही तेच करतेयस.”

मी शपथ घेतली, इनेसची घेतली, त्याच्या दंडाला धरून गदागदा हलवलं. त्याने एकदा माझ्याकडे, एकदा पिंपाकडे पाहिलं. तेव्हा त्याला पटलं. खाली बसला तो, माझ्याच खुर्चीवर. गल्लीतली माणसं दारादारांत उभी होती. कुणी हातातला मोबाइल वर धरला होता, कुणी नुसतंच हुंगत होतं. तुलिओचं दार बंद होतं.

दुसऱ्या दिवशी सकाळच्या गाडीने नोरीना आली. सुटकेस घेऊन. निकाल लागायच्या आधीच तिने राजीनामा देऊन टाकला होता. बापाची वाइन तिने प्यायली होती, तिला शंका कशाची? तिला मी स्टेशनच्या वाटेवरच गाठलं आणि सगळं सांगितलं, वास न येण्याचंसुद्धा. ती रडली नाही. तळघरात गेली, पिंपाच्या तळाशी उरलेला गाळ बोटाने चाटला आणि तशीच तुलिओच्या दारावर गेली. मी मागे.

“का थुंकलास?”

तुलिओ प्रमाणपत्राखाली उभा. “चाखताना थुंकतातच, नोरीना. आम्हाला तसंच शिकवतात.”

“बाबा विचारायला आले होते. चांगली आहे म्हणायला काय झालं होतं तुला?”

“मी वाईट आहे असंही म्हणालो नाही. एक शब्द बोललो असेन तर सांग. काकांनी पिंप ओतलं, मी ओत म्हणालो?”

मला त्याच्या तोंडाकडे बघवेना. उंदीर मेलेल्या पाण्याची टाकी उघडल्यावर जसं होतं तसं झालं. मी तसं बोललेही. तो म्हणाला, “जेम्मामावशी, तुम्ही पाव बघा.”

तेवढ्यात लुदोविका आली. गल्लीतूनच हात हलवत, हसत. तिने अमेलिओचं तळघर निवडलं होतं. “इतकं थुंकते मी दिवसभर, पण यांचा दुसरा घोट मी बाहेर जाऊन गुपचूप गिळला,” ती म्हणाली. दुसरा घोट तिने ग्लासातून बाटलीत भरून नेला होता म्हणे. तिला सगळं सांगितलं. तिने दोन्ही हात गालांना लावले. अरेरे म्हणाली. मनापासून म्हणाली, हे मी मान्य करते. मग पन्हळीतल्या चिकट डागाकडे पाहत राहिली, त्यावर मुंग्या लागल्या होत्या, आणि म्हणाली, “पण काय गोष्ट आहे ही! पाहुण्यांना सांगण्यासारखी!”

तिथेच मला ओकारी आली. खोटं नाही, भिंतीला धरून उभी राहिले.

पाहुण्यांची पहिली तुकडी आठवड्यावर आली होती. अमेलिओकडे द्यायला पेलाभर वाइन उरली नव्हती. सुकवलेल्या द्राक्षांची नवी वाइन पिण्याजोगी व्हायला वर्ष तरी जातं. लुदोविकाने तुलिओला निवडलं. आणि तुलिओला पाहुण्यांपुढे उभी राहील, चार गोष्टी बोलेल अशी बाई हवी होती. त्याने नोरीनाला विचारलं. हो, त्यानेच विचारलं, त्याच तोंडाने.

मला वाटलं, ती पायातली चप्पल काढेल. ती बापाकडे गेली. संध्याकाळी दोघं माझ्या दुकानासमोरच्या बाकावर बसले होते.

“मी स्पेत्सियाला परत विचारून बघते,” नोरीना म्हणाली. “धुणीघरात घेतील परत.”

“घेतील,” अमेलिओ म्हणाला. “पाय बघ तुझे.”

“त्याच्या दारात उभी राहू मी? तुमच्या देखत?”

अमेलिओने टोपी गुडघ्यावर ठेवली. मग म्हणाला, “दार त्याचं. पण जेवायला वर येशील ना?”

मी मध्ये पडले. पडायला नको होतं, पण पडले. “अमेलिओ, तुला काही लाज? ज्याने तुला नागवलं त्याच्या ग्लासात तुझी पोरगी वाइन ओतणार?”

“जेम्मा,” तो म्हणाला, “तू भट्टी बघ.”

पहिल्या दिवशी पाहुणे आले. मोठा घोळका, टोप्या घातलेले, गळ्यात दोरीने अडकवलेले ग्लास. माझ्याकडून टोपलीभर फोकाचा गेला होता, तो मीच उचलून नेला. नोरीना स्वच्छ एप्रनमध्ये उभी. कोपऱ्यात ती स्टीलची बादली. तुलिओ नाकातल्या नाकात वासांची नावं सांगत होता. पाहुणे घोट घेत होते, एकमेकांकडे बघत थुंकत होते आणि हसत होते. एका बाईच्या हनुवटीवरून धार गळली, तिचा नवरा फोटो काढत होता. जी वाइन आम्ही मरणाऱ्याच्या ओठाला लावतो तिची ती गत. बादली भरली की ती रिकामी करायचं काम नोरीनाचं.

पाहुण्यांतल्या एकाने तिला विचारलं, इथले जुने लोक या वाइनला चांगली म्हणतात का? तो प्रश्न त्याने उगाच, बोलण्याच्या भरात विचारला होता. पण लुदोविका तिथे होती, आणि दारात उभे असलेले आमचे गाववालेही गप्प झाले. नोरीनाला खोटं बोलता येत नाही. तिने मान खाली घातली. तुलिओचा चेहरा पांढरा पडला. गावात सगळ्यांना सगळं कळलेलं होतं. आता एखादा खाकरला असता तरी तुलिओचं तळघर बुडालं असतं.

तेव्हा अमेलिओ पुढे आला. लग्नाला घालायचा तो शर्ट घालून तो मागे कधीचा उभा होता, मला माहीतच नव्हतं. त्याने ग्लास नोरीनापुढे धरला. तिने ओतली. थोडी सांडली. अमेलिओने ग्लास तोंडाला लावला. सगळी गल्ली त्याच्या ओठांकडे बघत होती. तुलिओ तर जमिनीकडे बघत होता, जणू ती ओली व्हायची वाट पाहतोय.

अमेलिओने गिळली. सगळी, तळापर्यंत. तोंड पुसलं आणि मोठ्याने, गल्लीच्या टोकापर्यंत ऐकू जाईल असं म्हणाला, “चांगली आहे.”

पाहुण्यांनी टाळ्या वाजवल्या. तुलिओ भिंतीकडे तोंड करून उभा राहिला. टोपली तिथेच टाकून मी बाहेर पडले. अमेलिओ माझ्या मागून पायऱ्या उतरत आला, गुडघा धरत.

“त्या हरामखोराच्या वाइनला तू चांगली म्हणालास,” मी म्हणाले. “तुला चव तरी लागली का?”

“नाही,” तो म्हणाला.

“मग?”

“पुढच्या हंगामाचं काम पक्कं झालं असेल पोरीचं,” अमेलिओ म्हणाला आणि संध्याकाळसाठी दोन माणसांचा पाव मागितला.